मैलारगुड्डावरचं दगडफूल

हुबळीच्या दुर्गदबैल बाजारातल्या एका मसाल्याच्या दुकानाच्या मागच्या पडवीत बसून माझी आई दगडफूल निवडायची. पोत्यातून आलेल्या त्या काळ्या-करड्या पसाऱ्यातून काटक्या, साली आणि खडे बाजूला काढायचे आणि स्वच्छ पाकळ्या सुपात टाकायच्या, हे तिचं काम. कॉलेज सुटलं की मी तिथेच जायची आणि सूप पुढे ओढून बसायची. त्या वासाची मला इतकी सवय झाली होती की तो वास आईचाच, असं वाटायचं.

आम्ही मूळचे धारवाडकडच्या अळणावर गावचे. वडील तिथल्या लाकडाच्या वखारीत होते. ते गेले आणि दहावी झालेल्या मला घेऊन आई जुन्या हुबळीत मामाकडे आली. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलं नव्हतं. त्यात माझं नाव बायजा. आजीचं नाव मला ठेवलेलं. वर्गातल्या मुली वैशाली, संध्या, गायत्री. हजेरी घेताना माझं नाव आलं की मागच्या बाकावरून हसू यायचं. मी वह्यांवर नुसतं 'बी.' लिहायला लागले.

अंगडी सरांची आणि माझी ओळख त्या वासाने करून दिली. धारवाडच्या कॉलेजात वनस्पतिशास्त्राचा पहिला आठवडा होता. सरांनी एका बशीत कसलीतरी वाळकी, करडी पानं घालून वर्गात फिरवली. मुलं बघत होती आणि बशी पुढे सरकवत होती. माझ्याकडे आली तशी मी ती नाकाला लावली आणि तोंडातून निघून गेलं, "दगडफूल!"

वर्ग हसला. सर थांबले. "कोण बोललं?"

मी उभी राहिले.

"वास घेतलास?"

"हो सर."

"इतकी वर्षं ही बशी फिरवतो, पहिल्यांदा कोणीतरी नाक वापरलं. नाव काय?"

मी नाव सांगितलं. पुन्हा हसू आलं. सर कानडी, त्यांना हसण्यासारखं काही दिसलं नाही. "बस, बायजव्वा," म्हणाले. कानडीत बाईमाणसाच्या नावाला मायेने 'अव्वा' जोडतात. त्या दिवसापासून ते मला तसंच हाक मारत राहिले. पुढे मी एम.एस्सी. झाले, त्याच विभागात वाळवलेल्या वनस्पतींचा संग्रह सांभाळण्याच्या कामावर लागले, आणि केस पिकेपर्यंत तिथेच राहिले. त्या नोकरीचं सगळं श्रेय मी त्या बशीला आणि बशी फिरवणाऱ्याला देते.

दगडफूल म्हणजे फूल नव्हे. ते एक झाडही नव्हे. एक बुरशी आणि एक शेवाळ यांनी मिळून थाटलेला तो संसार आहे. शेवाळ उन्हावर अन्न शिजवतं, बुरशी घर बांधते, ओल धरून ठेवते. मसाल्यातलं दगडफूल पानासारखं सुटं असतं. काही दाढीसारखी लोंबतात. पण आमच्या सरांचा जीव जडला होता तिसऱ्या प्रकारावर. तो दगडावर पापुद्र्यासारखा असा चिकटून बसतो की दगड कुठे संपला आणि जीव कुठे सुरू झाला ते कळत नाही. तो नखाने निघत नाही. छिन्नी-हातोडीने दगडाची कपचीच काढावी लागते. म्हणून आमच्या संग्रहातली कपाटं इतर कपाटांपेक्षा जड होती. शिपाई नेहमी म्हणायचा, "मॅडम, इतर विभाग बदली झाली की वह्या हलवतात, तुम्ही डोंगर हलवता."

हा पापुद्रा फार हळू वाढतो. लेकरू शाळेत जायला लागल्यापासून त्याचं लग्न होईपर्यंत एखादा ठिपका जेमतेम बांगडीएवढा होतो. लोकांना मात्र ते डाग वाटतात. एकदा नवनगरातून एक गृहस्थ आमच्याकडे आले. नवं घर बांधलेलं, कुंपणाला हौसेने काळा दगड लावलेला. त्यावर पांढरी वर्तुळं उठली होती.

"मॅडम, दगडाला कोड फुटलंय. औषध सांगा."

मी त्यांना समजावलं की ते जिवंत आहे, दगडाला काही करत नाही, आणि ते आलंय म्हणजे तुमच्याकडची हवा अजून चांगली आहे.

त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "हवा चांगली आहे ते ठीकच. पण पाहुणे कुंपण बघतात हो, हवा कोण बघतं?"



आता ओळखण्याचं सांगते. डोळ्यांनी दोन पापुद्रे अगदी सारखे दिसतात, पण जात निराळी असते. मग दाढीच्या पात्याने त्याचा कागदापेक्षा पातळ काप घ्यायचा, सूक्ष्मदर्शकाखाली बीजाणू बघायचे, त्यांचा आकार, रंग, आतले पडदे. आणि रसायनाचा थेंब टाकायचा. सगळ्यात जुना थेंब पोटॅशचा. काही जातींवर तो टाकला की पापुद्रा पिवळा होतो, काहींवर लालभडक, काहींवर काहीच नाही. शंभर खुणा जुळल्या आणि रंग जुळला नाही, तर जात वेगळी ठरू शकते. एका थेंबावर माणसाची वर्षं अडकतात ती अशी.

सरांची वर्षं अशीच गेली होती. त्यांनी कित्येक टेकड्या पालथ्या घातल्या, दुसऱ्यांनी नाव दिलेल्या जाती बिनचूक ओळखल्या. पण स्वतः एखादी नवी जात शोधून तिचं वर्णन करावं, ही एक इच्छा राहिली होती. ते कधी बोलून दाखवत नसत. निवृत्तीचं वर्ष लागलं तेव्हा मात्र एकदा चहा पिता पिता म्हणाले, "बायजव्वा, एक तरी सापडावी. मोठी नको. नखाएवढी चालेल."

त्या वर्षी मैलाराची जत्रा झाल्यावर आम्ही मैलारगुड्डावर गेलो. गुड्ड म्हणजे टेकडी. वर मैलारलिंगप्पाचं, म्हणजे आपल्या खंडोबाचं, छोटं देऊळ. देवळामागे एक मोठी शिळा पुढे झुकलेली. तिच्या पोटाशी ना थेट ऊन पोहोचतं ना पाऊस. सकाळभर आम्ही उघड्या खडकांवर फिरलो, रोजचेच नमुने घेतले, पुड्या बांधल्या. निघताना सावलीला म्हणून मी त्या शिळेखाली बसले आणि समोर बघते तर एक पापुद्रा. फिकट पिवळसर करडा, रवाळ, रव्याच्या लाडवाच्या पाठीसारखा, आणि मधे मधे काळे बारीक ठिपके.

"सर, जरा इकडे या."

सर आले, भिंग लावलं, आणि पिशवीतून छिन्नी-हातोडी काढली. 

छिन्नीचा आवाज ऐकून देवळातले पुजारी आले. म्हातारे, कपाळभर भंडारा. "एन माडाक हत्तीरी? काय करायला लागलाय? दगड का फोडताय? देवाची शिळा आहे."

सरांनी हातोडी खाली ठेवली, शिळेला हात लावून तो छातीला लावला. ही त्यांची नेहमीची रीत होती, मग तो दगड देवाचा असो की रस्त्याकडेचा. मग पुजाऱ्यांना म्हणाले, "अप्पा, तुमच्या देवाच्या अंगावर काय उगवलंय ते लोकांना सांगायचं आहे. बोटाएवढीच कपची घेतो. बाकी सगळं जागेवर."

पुजारी वाकून बघू लागले. "हे? हे तर मी लहान असल्यापासून आहे."

"म्हणूनच."

पुजारी प्रसन्न झाले. सरांनी दोन कपच्या काढून उघड्या कागदावर ठेवल्या, तसा त्यांनी थैलीतून मूठभर भंडारा घेतला आणि "एळुकोटि, एळुकोटि!" असा येळकोट करत आमच्या डोक्यावर उधळला. आमचे केस, सरांचा चष्मा, पिशवी, सगळं पिवळं. आम्ही हसलो, अंग झटकलं, कागदावर फुंकर मारली, पुडी बांधली. उतरताना सर म्हणाले, "आशीर्वाद मिळाला. आता नवी निघालीच पाहिजे."

दुसऱ्या दिवशी बीजाणू पाहिले. फार क्वचित दिसणाऱ्या एका गटातले निघाले. त्या गटात अशा रूपाची एकच जात पुस्तकात होती. ती कोणे काळी सह्याद्रीच्या एका घाटात एकदाच मिळालेली, पुन्हा कोणाला दिसलेली नव्हती. तिच्या वर्णनात स्पष्ट लिहिलं होतं की पोटॅशने रंग बदलत नाही.

सरांनी थेंब टाकला. पापुद्रा लाल झाला.

"केंपु!" सर ओरडले. म्हणजे लाल. त्यांचा आवाज ऐकून शेजारच्या वर्गातली मुलं डोकावली. सरांनी दुसऱ्या टोकाला थेंब टाकला. तोही लाल.

पुढचे आठवडे सर वेगळेच झाले होते. मापं, आकृत्या, वर्णनाचा मसुदा. आणि एक दिवस त्यांनी मला बोलावलं. फळ्यावर रोमन लिपीत एक शब्द लिहिला होता. मी वाचला: बायजाई.

"स्वतःचं नाव स्वतः द्यायचं नसतं, ही आपल्याकडची रीत," सर म्हणाले. "ज्याने पाहिलं त्याचं द्यावं. लॅटिनमध्ये शेवट असा होतो. बायजाची, असा अर्थ."

मी फळ्याकडे बघत राहिले. ज्या नावाला मागचा बाक हसायचा, जे मी वहीवर पुरतं लिहीत नव्हते, ते नाव आता जगभरच्या पुस्तकांत जाणार होतं आणि माझ्यामागे राहणार होतं. मला रडू आलं. सरांनी खिडकीबाहेर बघितलं, कारण त्यांना रडणाऱ्या माणसाशी काय बोलावं हे कधीच समजत नसे.

घरी सांगितलं. आईने तो पापुद्रा कसा असतो ते विचारलं. मी वर्णन केलं.

"वास येतोय का त्याला?"

"नाही."

"मसाल्यात पडत नाही, वासबी नाही. मग त्याला नाव कशाला पायजे?" पण दुसऱ्या दिवशी तिने दुर्गदबैलात सगळ्यांना सांगितलं. दुकानाचे मालक, ज्यांना ती अण्णा म्हणायची, त्यांनी पेढे मागवले. म्हणाले, "अक्का, तू दगडफूल निवडलंस आणि पोरगी दगडफूल झाली."

मला मात्र एक गोष्ट आतून टोचत होती. लाल रंग देणाऱ्या जातींचा काप पोटॅशमध्ये ठेवला की सूक्ष्मदर्शकाखाली बहुधा लालसर सुया तयार होतात, स्फटिकांच्या. आमच्या कापात त्या दिसत नव्हत्या. सर म्हणाले होते, "वेगळं द्रव्य असेल. नवी जात, नवं द्रव्य." ते खरंही असू शकत होतं. मी मनाला तसंच सांगितलं.

मामाच्या मुलीची हळद होती. जुन्या हुबळीतल्या आमच्या बोळात मांडव पडलेला. पोरींनी मला धरून हळद फासली, साडीच्या पदरावर हाताचा पंजा उमटला. दुसऱ्या दिवशी सकाळी मी न्हाणीत पदर धुवायला घेतला. डागावर साबण घासला आणि डाग लाल झाला.

हे काय कोणाला माहीत नाही? हळदीच्या डागाला साबण लागला की तो लाल होतो, हे मी जन्मभर बघितलं होतं. पाण्यात कालवलेल्या हळदीत चुना पडला की होणारं लाल पाणी बघितलं होतं. साबणात जे असतं ते पोटॅशच्याच भाऊबंदांपैकी. पण न्हाणी आणि प्रयोगशाळा या दोन खोल्या माझ्या डोक्यात कधी एकमेकींना लागून नव्हत्या. मी पदर हातात धरून उभी राहिले. डोळ्यांसमोर पुजाऱ्यांची मूठ, पिवळी धूळ आणि कागदावरच्या दोन उघड्या कपच्या.

आई बाहेरून ओरडली, "बायजे, नळ जाईल. काय करायलीस आत?"

रविवार होता. लेख सोमवारी टपालात पडायचा होता. तो दिवस मी कसा काढला ते मला अजून आठवतं. पाहुणे जेवत होते, मी वाढत होते, आणि मनात फळ्यावरचा शब्द. मी बोलले नाही तर कोणाला कळणार होतं? त्या शिळेखाली कोण जाणार होतं? आणि सरांचं काय? त्यांची एक नखाएवढी इच्छा. पारड्यात नुसतं माझं नाव असतं तर सोपं होतं. त्यात सरही बसले होते.

सोमवारी मी लवकर गेले. दुसरी कपची घेतली, मऊ ब्रशने पाण्याखाली हळूच धुतली. बशीतलं पाणी किंचित पिवळं झालं. कपची वाळू दिली आणि थेंब टाकला.

काहीच झालं नाही. करडा तो करडाच राहिला.

सर आले तेव्हा लेखाचं पाकीट त्यांच्या हातात होतं. मी बशी पुढे केली. त्यांनी बशीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं.

"धुतलीस?"

"हो सर. भंडारा होता."

त्यांनी स्वतः थेंब टाकला. मग दुसऱ्या टोकाला. मग पात्याने आतला भाग उघडा करून त्यावर. कुठेही रंग नाही. ते स्टुलावर बसले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मला वाटलं होतं ते रागावतील. रागावले असते तर बरं झालं असतं.

"मैलारलिंगप्पाने प्रसाद दिला," ते शेवटी म्हणाले, "आणि आपण त्याची जात केली."

मी रडवेली झाले होते. "सर, मला काल कळलं."

"तुझं नाव होतं त्याच्यावर, बायजव्वा. गप्प बसली असतीस तर?"

"माझं नाव होतं म्हणूनच सर. हळद लावून कसं पाठवायचं?"

सर हसले. पहिल्यांदा अगदी बारीक, आणि मग इतके की डोळ्यांतून पाणी आलं. ते हसण्याचंच होतं की नाही, ते मी विचारलं नाही. त्यांनी पाकीट खणात टाकलं आणि म्हणाले, "इरलि. असू दे. कामाला लाग. आता ही कोण आहे ते नीट बघू."

ती होती पुस्तकातलीच. घाटात एकदाच सापडलेली, नंतर हरवलेली जात. आमची नवी नव्हती, पण तिचा दुसरा ठावठिकाणा आम्ही शोधला होता. सरांनी तसं छोटंसं टिपण लिहिलं, ते छापून आलं. टिपणात शोधणारी म्हणून माझं नाव आहे. जातीच्या नावात नाही. नव्या जातीशिवायच सर निवृत्त झाले.

आईला सांगताना मला लाज वाटत होती. पेढे वाटून झाले होते. ती म्हणाली, "मेल्यावर माणसाचं नाव दगडावर घालतात, बाई. तू जित्ती हाईस, ते बरं हाय." आणि सूप पुढे ओढलं. अण्णांनी मात्र माझ्यासमोर तो विषय पुन्हा कधी काढला नाही. ती त्यांची सभ्यता.

आज सर नाहीत, आई नाही. मैलारगुड्डावर आता पायऱ्या झाल्या आहेत, फरशी बसली आहे. भक्तांनी देवळामागची शिळाही श्रद्धेने तेलरंगाने रंगवून काढली, अगदी पोटापर्यंत. मी गेले तेव्हा ती चकचकीत भगवी होती. पापुद्रा कुठेच नव्हता. कोणावर चिडायचं? त्यांना तिथे फक्त दगड दिसला, आणि आम्हीही तिथे काय आहे ते सांगायला परत गेलो नव्हतो. म्हणजे आता आमच्या या भागात ती जात उरली असेल तर कपाटातल्या त्या दोन कपच्यांवरच.

हा लेख लिहायच्या आधी त्या एकदा बघाव्यात म्हणून मी मागच्या महिन्यात विभागात गेले. सगळे नवे चेहरे. प्रयोगशाळेत दोन मुली नमुन्यांवर काम करत होत्या. मी आपली कपाटापाशी उभी. एकीने पोटॅशची बाटली उचलली, तशी दुसरी तिच्या अंगावर खेकसली, "ए, बायजा माडियेन?"

म्हणजे, बायजा केलंस का?

पहिलीने जीभ चावली, कपची घेऊन नळाकडे गेली आणि ब्रशने धुऊ लागली.

माझ्या हातातली पुडी तशीच राहिली. सर निवृत्त झाल्यावरही बरीच वर्षं नव्या मुलांना भेटायला यायचे, हळदीची गोष्ट रंगवून सांगायचे, हे मला माहीत होतं. त्या गोष्टीचं पुढे काय झालं ते माहीत नव्हतं.

मी त्या मुलीजवळ गेले. "बायजा म्हणजे काय ग?"

"नमुना थेंबाच्या आधी धुवायचा, मॅडम," ती ब्रश न थांबवता म्हणाली. "धूळ, हळद, काहीही असू शकतं. धुतल्याशिवाय आमचे सर रंग मान्यच करत नाहीत. सगळे त्याला बायजाच म्हणतात."

"आणि हा शब्द कुठला?"

तिने क्षणभर विचार केला. "नक्की माहीत नाही, मॅडम. लॅटिन असणार."

मी म्हटलं, "असेल."